सल्ला: तो रडण्याचा शॉट फिल्ममध्ये ठेवू का?

(पत्र थोडं छोटं केलंय आणि कोणाचीही ओळख पटेल असे तपशील काढून टाकलेत.)

ताई, मी डॉक्युमेंट्री करते आणि ही माझी पहिली मोठी फिल्म आहे. जवळपास वर्षभर मी मुलांच्या एका निवासी संस्थेत जाऊन शूट करतेय. अधीक्षकांनी लेखी परवानगी दिलीये, सगळ्या मुलांच्या वतीने एकाच रिलीज फॉर्मवर त्यांची सही आहे. मुलं तर पहिल्याच दिवशी गळ्यात पडली, इतकी मोकळी झाली की मला वाटलं यांची काही हरकतच नाही.

फुटेजमध्ये एक सीन आहे. नऊ वर्षांची एक मुलगी, भेटीचा दिवस, आई येणार म्हणून सकाळपासून आवरून खिडकीशी बसलेली. आई येत नाही. संध्याकाळी ती जी रडायला लागते ते मी पूर्ण शूट केलंय, क्लोजअपमध्ये, कॅमेरा हातात होता आणि मला थांबताच आलं नाही. सकाळी मी तिला विचारलं होतं, शूट करू का, तर ती खुशीत हो म्हणाली होती. एडिटर म्हणतो हा सीन हीच फिल्म आहे, बाकी नुसतं रूटीन. चेहरा ब्लर केला तर सीनमध्ये काही उरत नाही.

दुसरं, एका मुलाने अंथरूण ओलं केलं म्हणून ती चादर डोक्यावर देऊन त्याला सगळ्यांसमोर उभं केलेलं मी पाहिलं. शूट केलं नाही. बोलले असते तर परवानगी गेली असती म्हणून गप्प बसले, म्हटलं फिल्म आली की सगळं बाहेर येईलच. उलट अधीक्षक आता म्हणतायत की बाथरूमकडच्या कॉरिडॉरचे शॉट काढा, मुलांच्या प्रायव्हसीसाठी, पण त्या शॉटमध्ये मुलं नाहीतच, फक्त तुटलेली दारं आहेत.

आणि ती मुलगी सारखी विचारते, ताई तू परत कधी येणार. शूट संपलंय, फेस्टिव्हलची तारीख जवळ आलीये. सीन ठेवू की काढू?

– टाइमलाइनवर अडकलेली

अगं, आधी त्या मुलाचं बोलू. तुझ्या पत्रात तो दुसऱ्या नंबरवर आलाय पण माझ्यासाठी पहिला आहे, कारण सीनचं तू पुढच्या महिन्यात ठरवलंस तरी काही बिघडत नाही, पण तो मुलगा आज रात्री तिथेच झोपणार आहे आणि अंथरूण ओलं होणं काही त्याच्या हातात नाहीये, म्हणजे उद्या सकाळी परत तेच होऊ शकतं. फिल्म आली की बाहेर येईल हे मी डॉक्युमेंट्री करणाऱ्या बऱ्याच जणांच्या तोंडून ऐकलंय आणि मला ते कधीच पटलेलं नाही. एडिट, मग फेस्टिव्हल, मग कुठेतरी रिलीज, तोवर त्याने किती वेळा उभं राहायचं? आणि तू तर ते शूटही केलेलं नाहीस, मग फिल्ममधून ते बाहेर येणार कसं?

तर ती संस्था जिथे आहे तिथली बालसंरक्षणाची जी अधिकृत यंत्रणा असेल तिच्याकडे याच आठवड्यात लेखी तक्रार दे. भारतात असशील तर बालकल्याण समिती आहे, किंवा मुलांसाठीच्या १०९८ या हेल्पलाइनला सरळ फोन लाव. तारीख, वेळ, जागा, काय दिसलं, तिथे कोण कोण होतं, एवढंच लिही, विशेषणं नकोत. आणि हे लक्षात ठेव की तक्रारीनंतर तू घरी जाशील पण मुलं तिथेच राहतील, म्हणून चौकशी त्या एका मुलाभोवती फिरायला नको, संस्थेत शिक्षा म्हणून काय काय केलं जातं हे सगळंच तपासा असं त्यात स्पष्ट माग, म्हणजे 'तुझ्यामुळे झालं' म्हणत कोणी त्याच्यावर राग काढणार नाही. त्याला स्वतः जाऊन प्रश्न विचारू नकोस, आणि पुरावा हवा म्हणून परत तसं घडायची वाट बघत कॅमेरा घेऊन तर मुळीच थांबू नकोस. तू डोळ्यांनी पाहिलंयस आणि लिहून देतेयस, चौकशी सुरू व्हायला तेवढं पुरे.

परवानगी जाईल, हो. जाऊ दे. जी परवानगी टिकवायला एका मुलाचा अपमान गिळावा लागतो तिच्यावर उभी राहिलेली फिल्म तुलाच बघवणार नाही.

आता त्या सहीचं. अधीक्षकांनी सगळ्या मुलांच्या वतीने एक फॉर्म दिला आणि तू तो फाइलला लावलास, यात कागदोपत्री कदाचित चूक नसेल, पण बघ की सही कोणाची आहे. त्या मुलांचं जेवण, झोप, शाळा, शिक्षा, घरी फोन कधी लावून द्यायचा, भेटीला कोणाला सोडायचं, हे सगळं ज्याच्या हातात आहे त्याची. आणि त्याच माणसाला संस्थेचं नाव चांगलं राहायला हवंय, देणगीदार यायला हवेत. वाईट माणूस आहे असं मी म्हणत नाहीये, चांगल्यातला चांगला अधीक्षक असला तरी संस्थेचा फायदा आणि त्या मुलीचा फायदा एकच असेल असं नाही, आणि जिथे ते वेगळे होतात तिथे ती सही मुलीच्या बाजूची नसते. ही गोष्ट एकदा नीट पटली की तुझ्या बाकीच्या प्रश्नांची उत्तरं बरीचशी त्यातूनच येतात.

यात जुनी कोर्टकचेरीही झालेली आहे. फ्रेडरिक वाइजमन यांनी अमेरिकेत मॅसेच्युसेट्समधल्या ब्रिजवॉटर इथे, मनोरुग्ण कैद्यांच्या सरकारी हॉस्पिटलमध्ये, 'टिटिकट फॉलीज' ही फिल्म केली, १९६७ ची गोष्ट. मोठी माणसं होती ती, मुलं नव्हेत, आणि अधीक्षकांची परवानगी होती. तरी राज्य सरकार कोर्टात गेलं, मुद्दा हाच की आतल्या माणसांनी खरंच संमती दिली होती का आणि त्यांच्या खासगीपणाचं काय, आणि ती फिल्म सर्वसामान्य प्रेक्षकांना दाखवायला १९९१ पर्यंत बंदी राहिली. यात मला दोन्ही बाजू दिसतात. उघडी, गोंधळलेली माणसं पडद्यावर होती आणि त्यांना कोणी नीट विचारलेलं नव्हतं, हे खरं. पण खासगीपणाच्या नावाखाली सरकारने स्वतःच्या हॉस्पिटलची अब्रूही झाकून घेतली, हेही तितकंच खरं. तुझे अधीक्षक आत्ता हेच करतायत. रिकाम्या कॉरिडॉरला प्रायव्हसी नसते. बाथरूमची दारं तुटलेली असणं हाच मुलांच्या प्रायव्हसीचा खरा प्रश्न आहे आणि तो त्या शॉटमध्ये दिसतोय, म्हणून तो शॉट राहू दे. फक्त भिंतीवर मुलांची नावं, संस्थेचा बोर्ड, तारखेचा कागद असलं काही फ्रेममध्ये येत नाहीये ना ते एकदा मोठ्या स्क्रीनवर बघून घे.

कायद्याचं थोडक्यात. संयुक्त राष्ट्रांचा बालहक्क करार १९८९ चा, त्यातलं कलम ३ सांगतं की मुलांबद्दलच्या प्रत्येक निर्णयात त्यांचं हित आधी, १२ सांगतं की त्यांचं म्हणणं ऐकलं पाहिजे आणि वयाप्रमाणे त्याला वजन दिलं पाहिजे, १६ खासगीपणाचं. हे तिन्ही एकदम पाळायचे आहेत, सोयीचं एक निवडायचं नाहीये. भारतात शूट केलं असशील तर २०१५ च्या बाल न्याय कायद्याचं कलम ७४ नीट वाच, काळजी आणि संरक्षणाची गरज असलेल्या मुलाची ओळख पटेल असं नाव, पत्ता, शाळा, फोटो, काहीही कुठल्याही माध्यमात दाखवायला मनाई आहे, मुलाच्या हिताचं आहे असं वाटलं तर बालकल्याण समिती कारण लेखी नोंदवून परवानगी देऊ शकते, ती समितीच, अधीक्षक नव्हे. मोडलं तर सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. म्हणजे तुझा तो एक फॉर्म तिथे मुळात पुरणारच नाही.

आता 'पहिल्याच दिवशी गळ्यात पडली' हे वाक्य. मी अशा मुलांबरोबर बरंच काम केलंय म्हणून हे वाक्य वाचून मी थांबले. घरात वाढलेलं मूल अनोळखी माणसाला बघून बहुतेक वेळा आधी मागे सरतं, ओळखीच्या माणसाकडे बघतं, मग हळूहळू येतं. संस्थेत लहानपणापासून राहिलेली काही मुलं मात्र कोणाच्याही कडेवर जातात, कोणाचाही हात धरतात. रोमानियात बुखारेस्टला २००० साली संस्थांमधल्या १३६ लहान मुलांवर मोठा अभ्यास सुरू झाला, त्यातली काही मुलं सांभाळणाऱ्या कुटुंबांत गेली आणि काही नेहमीच्याच देखभालीत राहिली, आणि संशोधकांनी वर्षानुवर्षं त्यांच्याकडे लक्ष ठेवलं. अनोळखी माणसाशी अशी सरसकट सलगी हे त्यांनी ज्या गोष्टी बारकाईने तपासल्या त्यांपैकी एक. सतत माणसं बदलत राहिली की मूल असंच जगायला शिकतं, जो समोर येईल त्याचं लक्ष वेधून घ्यायचं. प्रत्येक लाडिक मुलाला लगेच हे लेबल लावू नये, काही मुलं स्वभावानेच मोकळी असतात. पण तुझ्या गळ्यात पडणं म्हणजे कॅमेऱ्याला होकार असं धरून तू जे वर्षभर शूट केलंस ते परत तपासून बघायला हवं. त्यांना तू हवी होतीस, कॅमेरा तुझ्याबरोबर आला.

आणि त्या मुलीचा सकाळचा होकार. ती कशाला हो म्हणाली होती सांग बरं? आई येईल, मिठी मारेल, ते ताई शूट करेल, याला. आई न येणं तिने तुला दिलेलंच नव्हतं. सकाळी दिलेला होकार संध्याकाळी संपला होता आणि रडणाऱ्या मुलीला परत कोणी विचारत नाही, विचारूही नये, अशा वेळी कॅमेरा खाली ठेवायचा आणि शेजारी बसायचं. तेव्हा थांबता आलं नाही हे तू प्रामाणिकपणे लिहिलंयस, त्यावरून स्वतःला झोडपत बसू नकोस, व्ह्यूफाइंडरला डोळा लावला की समोरचं घडणं घडत राहतं आणि हात चालत राहतो हे शूट करणाऱ्या कोणालाही माहितीये. पण तिथे सुटलेलं एडिटमध्ये अडवता येतं, एडिट त्यासाठीच आहे.

सीन काढ. माझं उत्तर हे आहे, आणि तू कारण मागशील म्हणून सांगते.

ती सोळा वर्षांची होईल. नव्या शाळेत, नव्या मैत्रिणींत असेल, कदाचित कोणाला सांगितलंही नसेल की मी संस्थेत होते, आणि सांगायचं की नाही हा सर्वस्वी तिचा प्रश्न आहे. मग एक दिवस कोणीतरी ती क्लिप पाठवेल. तू म्हणशील माझी फिल्म क्लिपमध्ये कापून कोण टाकणार, पण फिल्म विकली गेली की ट्रेलर कोण कापतं, पोस्टरवर कोणाचा चेहरा येतो, प्लॅटफॉर्म थंबनेलला कुठली फ्रेम लावतो, यातलं तुझ्या हातात फार थोडं राहतं, आणि सर्वात जास्त रडणारी फ्रेमच थंबनेल होते हे तुलाही माहितीये. त्यात आता चेहऱ्यावरून माणूस शोधणारी सॉफ्टवेअर आलीयेत.

ब्लरने भागत नाही. ब्लर अनोळखी लोकांसाठी असतो, आणि त्रास देतात ते बहुतेक ओळखीचे लोक, त्यांना आवाज पुरतो, वेणी पुरते, मागे हाक मारणाऱ्या काळजीवाहक बाईंचा चेहरा पुरतो. तुझंच पत्र बघ ना. तू मला मुलीचं पहिलं नाव लिहिलंस, आई काय काम करते ते लिहिलंस आणि संस्था कुठल्या गावाबाहेर आहे तेही लिहिलंस, तीन वाक्यांत. मी ते सगळं काढलंय. पण मला वाईट या गोष्टीचं वाटलं की तुझ्या मनात काहीच वाकडं नव्हतं आणि तरी ती मुलगी तीन वाक्यांत सापडण्याजोगी झाली. फिल्मच्या दीड तासात अशी किती वाक्यं असतील! अलीकडे चेहरा डिजिटली बदलायचं तंत्रही वापरतात, २०२० मध्ये रशियातल्या चेचन्यातून जीव वाचवून पळालेल्या समलिंगी लोकांवरच्या एका फिल्ममध्ये ते केलं होतं, स्वयंसेवकांचे चेहरे त्यांच्यावर बसवून. पण ती मोठी माणसं होती, त्यांना आपली गोष्ट सांगायची होती आणि ओळख लपवायची होती. इथे मुलीला काय सांगायचंय हेच आपल्याला माहिती नाही.

आणि माझा मुख्य आक्षेप वेगळाच आहे, तो तिच्या आईबद्दल आहे. तो सीन बघणारा प्रत्येक माणूस मनात एकच गोष्ट म्हणणार, कसली आई ही. ती बाई का आली नाही हे तुला माहितीये का? पत्रात तरी नाहीये. रजा मिळाली नसेल, आजारी असेल, प्रवासाला पैसे नसतील, मागच्या वेळी आली तेव्हा गेटवरून परत पाठवलं असेल, संस्थेने तारीखच चुकीची कळवली असेल. जगभरात अशा संस्थांमध्ये राहणाऱ्या मुलांपैकी बहुतेकांचे आई किंवा वडील, दोघांपैकी एक तरी जिवंत असतं, मुलं अनाथ म्हणून येत नाहीत, गरिबी, आजारपण, अपंगत्व, घरातली मारहाण, जवळ शाळा नसणं, असल्या कारणांनी येतात. म्हणजे ती का आली नाही या प्रश्नात तुझी खरी फिल्म आहे आणि तुझा क्लोजअप बरोबर तोच प्रश्न बंद करतोय. रडणारा चेहरा पाहिला की माणूस कारण शोधायचं सोडून देतो.

एडिटर म्हणेल की असे शॉट दाखवूनच जग बदललंय. काही अंशी बरोबर आहे त्याचं, आणि हे मला टाळायचं नाहीये. न्यूयॉर्कच्या स्टेटन आयलंडवर विलोब्रुक नावाची बौद्धिक अपंगत्व असलेल्या मुलांची सरकारी संस्था होती, चार हजारांसाठी बांधलेली, १९६५ च्या सुमारास आत सहा हजारांहून जास्त होते. १९७२ मध्ये तिथून काढून टाकलेल्या एका डॉक्टरने स्वतःकडे राहिलेल्या किल्लीने पत्रकार हेराल्डो रिव्हेरा आणि त्याच्या कॅमेरामनला आत नेलं, टीव्हीवर ते फुटेज गेलं आणि लोक हादरले. पालकांनी केस लढवली, १९७५ मध्ये तडजोडीचा हुकूम झाला, १९८७ मध्ये ती संस्था बंदच झाली. कॅमेरा आत गेला नसता तर हे कधी झालं असतं कोण जाणे. मी ते फुटेज बघितलंय आणि ते दाखवायला नको होतं असं मला म्हणता येत नाही. पण त्यात काय काय होतं बघ. अंधारी खोली, उघडी जमीन, इतक्या मुलांमागे एवढीच माणसं, एकेकाला भरवायला मिळणारी थोडीशी मिनिटं. तिथे बोट इमारतीकडे, सरकारच्या बजेटकडे होतं. आणि बर्नार्ड काराबेलो नावाचा तरुण त्यात स्वतः बोलला, सेरेब्रल पाल्सी (शरीराच्या हालचालींवर परिणाम करणारं अपंगत्व) असलेला, लहानपणी चुकीचं निदान होऊन १८ वर्षं तिथे अडकलेला. तो पुढे आयुष्यभर अपंगांच्या हक्कांसाठी लढला आणि आपली गोष्ट आपल्या नावाने सांगत राहिला. त्याला बोलायचं होतं. जमिनीवर उघड्या बसलेल्या त्या मुलांना कोणी विचारलं नव्हतं, आणि ती फ्रेम आज पन्नास वर्षांनंतरही कोणालाही एका क्लिकवर बघता येते. दोन्ही गोष्टी एकाच कार्यक्रमातल्या आहेत, एकीमुळे दुसरी माफ होत नाही.

आणि नुसती दया आली की काय होतं त्याचंही उदाहरण आहे. १९८९ च्या डिसेंबरात रोमानियात हुकूमशहा चाउशेस्कूची सत्ता गेली, पुढच्या वर्षी तिथल्या अनाथालयांची दृश्यं पाश्चात्त्य टीव्हीवर आली, आणि हजारो परदेशी लोक मुलं दत्तक घ्यायला धावले. मदतही आली, नाही असं नाही. पण मागणी इतकी वाढली की दलाल थेट गरीब घरांतून मुलं मिळवायला लागले, पैसे देऊन, आणि १९९१ मध्ये रोमानियाला परदेशी दत्तक प्रक्रिया थांबवावी लागली. चेहरे बघून आलेली माणसं चेहरेच न्यायला आली, ती मुलं तिथे मुळात का होती याकडे कितीजणांनी पाहिलं?

तर मग एडिटमध्ये काय करायचं. ती सकाळ तुझ्याकडे आहे ना, तीच घे. मागून दिसणारी वेणी, कोणीतरी नीट घालून दिलेली, खिडकीच्या गजावरचे हात, दर वेळी गेट वाजलं की मान वळते ते, पाठमोरंच. मग दुसऱ्या मुलांची आलेली माणसं, फक्त पाय आणि आवाज. भेटीचं रजिस्टर, नावं झाकून, सह्यांच्या रकान्यात मध्येच एक रिकामी ओळ. आणि संध्याकाळ आली की तिच्यावरून निघून मोठ्या माणसांकडे जा. अधीक्षकांना कॅमेऱ्यासमोर विचार की महिन्यातून किती वेळा भेट ठेवलीये, तो दिवस कोणी ठरवला, कामाचा वार का निवडला, कोणी आलं नाही तर घरी कोण कळवतं, कोण विचारतं. काळजीवाहक बाईंना विचार की रात्री एकटीच्या अंगावर किती मुलं असतात आणि भेटीच्या दिवसाची रात्र कशी जाते, त्या जे सांगतील ते तुझ्या क्लोजअपपेक्षा जास्त वेळ लोकांच्या डोक्यात राहील, मला खात्री आहे. तक्रारीनंतर ते बोलायला तयार होतील का, कदाचित नाही होणार, मग अधीक्षक उत्तर देत नाहीत हेही फिल्ममध्ये येऊ दे.

फुटेजचं म्हणशील तर रडण्याची ती क्लिप ट्रेलर, पिच, फंडिंगच्या फोल्डरमधून आजच बाहेर काढ. कॉपी कोणाकोणाकडे आहेत ते बघ, एडिटरच्या लॅपटॉपवर, बॅकअप डिस्कवर, साउंडवाल्याकडे. आणि फायलींच्या नावात मुलांची नावं टाकली असशील, सगळेच टाकतात, ती बदल.

आता मुलीला विचारायचं का? हो, विचार, पण रडण्याच्या सीनबद्दल नव्हे, तो तर गेलाच, तो दिवस तिला परत मोठ्या स्क्रीनवर दाखवायची काहीच गरज नाही. फिल्ममध्ये ती जिथे जिथे आहे ते बाकीचे तुकडे दाखव. अधीक्षक खोलीत नकोत. जी संस्थेच्या पगारावर नाही अशी कोणी समुपदेशक बरोबर असू दे. 'चालेल ना?' असं विचारलं तर मूल चालेलच म्हणतं, म्हणून प्रश्न छोटे आणि खरे विचार, हे तुझ्या शाळेतल्या मुलींनी बघितलं तर? आईने बघितलं तर? यातलं काय काढू? आणि तिने एक तरी गोष्ट काढ म्हटली तर तिच्यासमोर काढून दाखव, म्हणजे तिला कळेल की नाही म्हटलं की खरंच ऐकलं जातं. तिचा होकार पुरेसा नाही, त्यावर अजून मोठ्या माणसांनी विचार करायचाय, तिच्या पालकांनी, समितीने. तिचा नकार मात्र पुरेसा आहे, त्यावर कोणाची सही लागत नाही. आणि काही वर्षांनी तिने येऊन म्हटलं की मला यात राहायचं नाही, तर ते कसं करायचं हे आत्ताच डिस्ट्रिब्युटरच्या करारात घालून घे, नंतर कोणी घालू देत नाही.

परत कधी येणार? 'लवकरच' म्हणू नकोस. त्या मुलांनी लवकरच येणारे पुष्कळ दादा-ताई बघितलेत, स्वयंसेवक, इंटर्न, वाढदिवस साजरा करायला आलेली माणसं. आत जायची परवानगी अजून आहे तोवर, म्हणजे मला वाटतं तक्रारीवर कारवाई सुरू व्हायच्या आधीच, आणि नंतर गरज पडली तर समितीकडून वेळ मागून, तिला भेट. सांग की शूट संपलंय, तू छान होतीस म्हणून किंवा वाईट होतीस म्हणून नाही संपलं, माझं काम संपलं म्हणून संपलं. नक्की येणार असशील तर तारीख सांग आणि त्याच तारखेला जा, आणि येणार नसशील तर तसं सांग, रडेल ती, रडू दे, या वेळी कॅमेरा नसेल. काळजीवाहक बाईंना आधी सांगून ठेव म्हणजे रात्री कोणीतरी तिच्याकडे लक्ष ठेवेल.

आणि तिच्यासाठी एक काम कर जे बहुतेक फिल्मवाले करत नाहीत. संस्थेत वाढलेल्या कितीतरी मुलांकडे स्वतःच्या लहानपणाचा एकही फोटो नसतो. तुझ्या हार्ड डिस्कवर तिचं नवव्या वर्षाचं हसणं, धावणं, दात पडलेला, मैत्रिणीशी भांडण, सगळं आहे. त्यातून चांगले फोटो काढ, छापून, मागे तारखा घालून दे, आणि एक संच तिच्या फाइलमध्ये ठेवायला लाव, कारण मुलं एका संस्थेतून दुसरीकडे जाताना सामान हरवतं. बाकीच्या मुलांनाही दे, फिल्ममध्ये नसलेल्यांनाही.

आईपर्यंत पोचायचा प्रयत्न कर, पण संस्थेकडून पत्ता काढून दारात उभी राहू नकोस, समाजसेवकामार्फत निरोप पाठव की एक फिल्म होतेय, त्यात तुमची मुलगी आहे, तुम्हाला बघायची आहे का, नको म्हणायचं आहे का. ती बोलली तर आधी कॅमेऱ्याशिवाय ऐक. नाही बोलली तर भेटीचे नियम, अंतर, वार हे तरी फिल्ममध्ये इतकं स्पष्ट येऊ दे की तिच्यावर बोट ठेवणं बघणाऱ्याला सोपं जाणार नाही.

फेस्टिव्हलला मेल टाक की या वर्षी जमत नाही. मुलांशी बोलायचंय, तक्रारीचं काय होतं ते बघायचंय, आईचा निरोप यायचाय, हे सगळं त्या तारखेच्या आत होणार नाही. एडिटर चिडेल, त्याला हे पत्र वाचायला दे आणि सकाळच्या फुटेजवर बसव.